वर्गणीची वही

होळीच्या वर्गणीची वही माझ्याकडे आली
बाबांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला त्या वर्षी.
लाल कापडी पुठ्ठा, कडेला ओल्या बोटांचे डाग,
आतला सुकटीचा वास अजून गेलेला नाही.

खारदांड्याची सगळी घरं तिच्यात आहेत,
विरारला गेली तीसुद्धा.
मेहेरांची सून नालासोपाऱ्याहून मोबाईलवर शंभर पाठवते
आणि खाली लिहिते,
एक लाकूड आमच्या नावानं टाका. साधं नको.
साधं नको म्हणजे होडीचं हवं.
मग मी किनाऱ्यावर फिरून
डांबर लागलेला फळीचा तुकडा शोधते,
खिळे उपटून घरी आणते.

प्रत्येक वर्षाच्या पानावर एक ओळ मात्र तीच:
पोशा धर्मा वैती. रुपये एकवीस. हस्ते –
पुढे कोरं.

पोशा वैती जाऊन एकोणीस वर्षं झाली.
कोळी गेला म्हटलं की लोकांना तो बुडालेलाच हवा असतो.
हा काविळीनं गेला, वांद्र्याच्या इस्पितळात,
पंख्याखालची खाट मिळाली नाही म्हणून भांडत.
तरी फाल्गुन लागला की आमच्या दाराखालून
एक पुडकं सरकतं.
विसाची नोट, एक नाणं.

बाबांना विचारलं, कोण देतं?
म्हणाले, वहीत पैसे लिहायचे. माणसं नाहीत.

होळीच्या जागेवर आता गाड्या उभ्या असतात.
यंदा अकरा हलल्या. बारावीचा मालक दुबईत.
आठ पोरांनी ती तशीच उचलली, हँडब्रेकसकट,
आणि बर्फाच्या कारखान्यासमोर नेऊन ठेवली.
मग खड्डा खणला. वसईहून टेम्पोतून आलेली पोफळ
नवरीसारखी सजवली, पताका, गाठी, शेवंती.
बाया रंगवलेली मडकी डोक्यावर घेऊन आल्या.
चांगुणाबाईच्या मडक्यावर दरवर्षी होडी असते,
यंदा तिनं होडीला नंबरही घातला,
परवान्यावरचा, खराखुरा.

आग लागली. आधी गवत, मग एरंड,
मग डांबराच्या फळ्या, हिरव्या ज्वाळांच्या.
मेहेरांचा तुकडा मी स्वतः टाकला, फोटो काढला, पाठवला.

आणि मग बोंब.
पालथा हात तोंडावर, आणि ज्याच्या त्याच्या नावानं.
सोसायटीच्या चेअरमनच्या, बर्फवाल्याच्या,
वजनात मारणाऱ्या व्यापाऱ्याच्या,
घरजावयाच्या, ज्यानं पापलेट जाळलं.
आमच्याकडे शिवीला कुणी रुसत नाही.
रुसतो तो, ज्याचं नाव कुणी घेतलं नाही.
तो घरी जातो, जेवत नाही,
बायकोला विचारतो, मी काय गावात राहत नाय?

तेव्हा हिराजी तांडेल उठला.
अठ्ठ्याहत्तर वर्षांचा, गुडघ्यांवर हात ठेवून, दोनदा.
पोशाचा भागीदार. एका होडीचे अर्धे अर्धे.
शेवटची सहा वर्षं दोघं बोलले नव्हते,
जाळी सुकवायची बांबूची वलांडसुद्धा
मधोमध सुतळीनं वाटून घेतलेली.
त्यानं आगीकडे तोंड केलं.
हात ओठांवर नेला. आधी नुसता खोकला आला.

पोशा रंऽऽ पोशाऽऽ!
डिझेलचं सतराशे दे, मंग मर!

क्षणभर फक्त फळ्या तडतडल्या.
मग चांगुणाबाई हसली, आणि तिच्यामागून
अख्खा दांडा बोंबलला, पोरं, बाया,
पोशाला कधी न बघितलेली आठ पोरंसुद्धा.
जिवंत माणसालाच अशी शिवी घालतात.
पोफळ कलली, थांबली,
दर्याकडे पडली.

पहाटे राखेतला नारळ फोडून खाल्ला,
करपलेला, गोड.
हाताची काजळी तशीच, वही उघडली.
हस्ते च्या पुढे लेखणी टेकवली.
बाबा आतून खाकरले.
उचलली.

मग पानाच्या तळाला, जिथे कधी कुणी काही लिहीत नाही, तिथे लिहिलं:
पोशा वैतीकडून येणे, सतराशे.
आणि हिशेबाच्या रीतीप्रमाणे
बाकी पुढच्या पानावर ओढली.